सुपरमार्केटकडे संस्थेसाठी किराणा मागताय? माल मागू नका, आधी जागा मागा

प्रश्न थोडक्यात असा आहे: सातारा जिल्ह्यात विशेष मुलांची निवासी शाळा, चाळीस मुलं, ट्रस्ट रजिस्टर्ड, ८०जी (देणगीदाराला आयकरात सूट मिळायची नोंदणी) आहे, जवळच्या शहरात मोठ्या सुपरमार्केट चेनची दोन-तीन दुकानं झालीत आणि त्यांच्याकडून दर महिन्याला थोडा किराणा दान मिळावा अशी इच्छा आहे. तर पत्र कुणाच्या नावाने लिहायचं, एक्स्पायरी जवळ आलेला माल ते देतात का, आणि आमदारांचं शिफारसपत्र जोडलं तर काम लवकर होतं का.

मी बरीच वर्षं संस्थांसाठी पैसा आणि वस्तू गोळा करायच्या कामात आहे, आधी एका वसतिगृहासाठी करायचे, आता छोट्या संस्थांना हेच शिकवते, त्यामुळे जरा लांबड लागणार आहे, चहा घेऊन बसा.

पहिलं जे सांगणार आहे त्याने हिरमोड होईल. चेनच्या दुकानातला स्टोअर मॅनेजर तुम्हाला पाच किलो साखरसुद्धा स्वतःच्या अधिकारात देऊ शकत नाही. माणूस कंजूष असतो म्हणून नाही, बहुतेक वेळा तो आपल्याच सांगली-सोलापूरकडचा मुलगा असतो आणि मनापासून द्यावंसं वाटत असतं, पण त्याच्या दुकानातली काडेपेटीसुद्धा सिस्टिमला चढलेली असते. माल आत आला की बारकोडने एंट्री, आणि बाहेर जायच्या वाटा ठरलेल्या: बिल झालं, नाहीतर सप्लायरला परत गेला (ते लोक त्याला आरटीव्ही म्हणतात), नाहीतर खराब म्हणून डंपला टाकला. दान नावाची वाटच नाही. त्याने तुम्हाला एक कट्टा दिला तर पुढच्या स्टॉक मोजणीत तेवढा माल शॉर्ट दिसणार आणि त्याचा जाब त्याला द्यावा लागणार, काही ठिकाणी इन्सेंटिव्हला कात्री लागते. म्हणून तो "मेल टाका, वर पाठवतो" म्हणतो आणि आपल्याला वाटतं टाळतोय.

त्यात जीएसटीची भानगड आहे. जीएसटी कायद्याच्या कलम १७(५)(एच) मध्ये चोरीला गेलेला, नष्ट केलेला, राइट-ऑफ केलेला आणि भेट म्हणून दिलेला माल एका ओळीत बसवलाय, अशा मालावर खरेदीच्या वेळी घेतलेलं टॅक्स क्रेडिट, म्हणजे खरेदीवर भरलेल्या जीएसटीची वजावट, कंपनीला सोडून द्यावं लागतं. म्हणजे माल पण फुकट द्यायचा आणि वर टॅक्स पण अंगावर घ्यायचा. २२ सप्टेंबर २०२५ पासून साबण, टूथपेस्ट, बिस्किटं ५ टक्क्यांत आली त्यामुळे रक्कम आता पूर्वीइतकी टोचत नाही, पण हिशेबाचा व्याप तोच आहे, आणि हेड ऑफिसचा अकाउंट्सवाला व्यापाला घाबरतो, रकमेला नाही.

आता हे सगळं तुम्हाला का सांगतेय, तर तुमचं पत्र चुकीच्या माणसाकडे चुकीची गोष्ट मागत असेल तर भाषा कितीही छान असली तरी उपयोग नाही. मॅनेजरच्या हातात माल नाही पण दोन गोष्टी आहेत, एक म्हणजे बिलिंगच्या पुढची थोडी जागा आणि दुसरं म्हणजे दिवसभर येणारं गिऱ्हाईक. यासाठीही काही चेनमध्ये एरिया मॅनेजरला विचारावं लागतं, पण तिथे होकार यायची शक्यता बरीच जास्त, कारण यात त्याचा माल फुकट जात नाही उलट विकला जातो. गिऱ्हाईक स्वतःची खरेदी करतं, त्यातच एक तूरडाळीचं पाकीट जास्तीचं घेतं, बिल करतं आणि तुमच्या टेबलावर ठेवून जातं. दुकानाची विक्री वाढली, टॅक्सचा प्रश्न नाही, स्टॉकचा प्रश्न नाही, आणि तुम्हाला चांगला ताजा माल मिळाला. मी सगळ्यांना आधी हेच करायला लावते.

पण टेबल लावायची पण एक रीत आहे. टेबल बिलिंग काउंटरच्या पुढे आणि दारावरच्या सिक्युरिटीच्याही पुढे पाहिजे. सिक्युरिटीवाला बिल बघून शिक्का मारतो ना, त्याच्या आत टेबल लावलंत तर गिऱ्हाईक डाळ तुमच्याकडे ठेवणार आणि दारावर बिलात आहे पण पिशवीत नाही असा घोळ होणार, किंवा उलट, तुमच्या टेबलावरचा माल बिल झालेला की न झालेला यावर वाद होणार. दुसरं, आलेल्या प्रत्येक पाकिटाच्या बारकोडवर जाड मार्करने तिथल्या तिथे काट मारा. हे दुकानदाराला आधीच सांगा, त्याचा चेहरा बघा कसा खुलतो, कारण दान आलेला माल कुणीतरी परत आणून रिफंड मागेल किंवा बाहेरच्या दुकानात विकेल ही त्याची खरी भीती असते आणि तुम्ही ती न विचारता मिटवली.

आणि टेबलावर यादीचा बोर्ड लागतोच लागतो. बोर्ड नसेल तर लोक काय देतात माहितीये, बिस्किटं आणि मॅगी. वाईट हेतू नसतो, मुलं म्हटली की लोकांना बिस्किटच आठवतं. तुम्ही लिहा: तूरडाळ अर्धा किलो, मूगडाळ अर्धा किलो, शेंगदाणे, गूळ, खोबरेल तेल, अंगाचा साबण, कपड्याचा साबण. सहा-सात वस्तूंच्या वर नको. हातात मावणारी, शंभर-दीडशेच्या आतली वस्तू असली की लोक पटकन उचलतात. तुमच्याकडे विशेष मुलं आहेत तर मोठ्या साइजचे डायपर लागत असणार, ते पण लिहा, लाजू नका, महागडी वस्तू आहे आणि कुणाच्या लक्षातच येत नाही की संस्थेला ती लागते, बोर्डावर वाचून एखादा तरी घेतोच.

गहू-तांदूळ मात्र टेबलावर मागू नका. चाळीस मुलांना रोजचं माणशी ४०० ग्रॅम धान्य धरलं तर महिन्याला ४८० किलो झालं, हे पाकिटा-पाकिटाने गोळा होत नाही. डाळ त्यामानाने ८० किलोच्या आसपास आणि तेल ३५-३६ लिटर, हे टेबलावरून बऱ्यापैकी भरून निघू शकतं. धान्यासाठी जिल्हा पुरवठा कार्यालयात जाऊन कल्याणकारी संस्था आणि वसतिगृहांना सवलतीच्या दरात धान्य मिळायच्या योजनेची चौकशी करा, आणि मार्केट यार्डातल्या आडत्यांना भेटा, तिथे एक माणूस एक पोतं सहज देतो, त्याला कुठलं हेड ऑफिस नाही. हा आकडा काढणं मात्र सगळ्यात आधी करा. कुणाकडेही गेलात तरी पहिला प्रश्न "तुम्हाला नेमकं किती लागतं" हाच असतो आणि अर्ध्याहून जास्त संस्था तिथे "जे जमेल ते द्या" म्हणतात. जे जमेल ते म्हणजे काहीच नाही.

मॅनेजरला भेटायला कधी जायचं ते पण सांगते. महिन्याची पहिली तारीख ते दहा तारीख अजिबात नको, पगार झालेले असतात, लोक महिन्याचा किराणा भरत असतात, मॅनेजर स्वतः ट्रॉल्या ढकलत असतो. शनिवार-रविवार नको. गणपतीच्या आधीचे आणि दिवाळीच्या आधीचे तीन आठवडे नको. महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात मंगळवार ते गुरुवार, दुपारी तीन-चारच्या सुमाराला जा, आणि मागच्या बाजूला माल उतरतोय का बघा, ट्रक लागलेला असेल तर चक्क परत या. टेबल लावायचा दिवस मात्र याच्या उलट, पहिला शनिवार-रविवार, तेव्हाच गर्दी असते. २ ते ८ ऑक्टोबर या आठवड्यात देशभर दान उत्सव असतो, २००९ पासून चालू आहे, मोठ्या कंपन्यांच्या एचआरला तो माहीत असतो, त्यामुळे पहिलं टेबल त्या आठवड्यात मागितलंत तर वरून परवानगी काढणं मॅनेजरला सोपं जातं, ऑगस्टमध्येच पत्र द्या म्हणजे झालं.

पत्र एक पानाचं. माझी साधारण रचना अशी असते, हवं तर उचला:

"मा. स्टोअर मॅनेजर, आमच्या निवासी शाळेत ४० विशेष मुलं राहतात. शाळा आपल्या दुकानापासून अमुक किलोमीटरवर आहे. दिनांक ४ आणि ५ ऑक्टोबर रोजी सकाळी ११ ते रात्री ८ या वेळेत आपल्या दुकानाच्या बाहेर पडण्याच्या दाराजवळ चार बाय दोन फुटांचं एक टेबल लावण्याची परवानगी मिळावी ही विनंती. ग्राहक बिल करून आणलेली वस्तू स्वेच्छेने देतील, आम्ही रोख पैसे घेणार नाही, आमचे दोन कार्यकर्ते ओळखपत्रासह पूर्ण वेळ थांबतील, आलेल्या मालाची यादी त्याच रात्री आपल्याला देऊ. सोबत नोंदणी प्रमाणपत्र आणि शाळेच्या मान्यतेची प्रत जोडली आहे."

एवढंच. संस्थापकांचं चरित्र नको, समाजऋण नको, "आपल्यासारख्या दानशूर" तर नकोच नको. रोख पैसे घेणार नाही हे वाक्य मात्र विसरू नका, कारण दुकानाच्या दारात पावतीपुस्तक घेऊन उभं राहणाऱ्यांचा त्यांनी खूप ताप सोसलेला असतो. पत्र मराठीत द्या आणि मागच्या बाजूला इंग्रजीत तेच, कारण ते पुढे जिथे जाणार तिथला साहेब मराठी वाचणारा असेलच असं नाही.

आता याचाच एक पुढचा प्रकार आहे जो लोकांना सुचत नाही. तुमचे जे नेहमीचे देणगीदार आहेत, पुण्या-मुंबईचे, परदेशातले, वाढदिवसाला पैसे पाठवणारे, त्यांना दुकानाकडे वळवा. शहरातल्या एखाद्या दुकानाशी बोलून ठेवायचं की आमचे देणगीदार फोन करतील, ऑनलाइन पैसे भरतील, तुम्ही यादीप्रमाणे माल भरून संस्थेत पोचवा. दुकानाला ही सरळ विक्री आहे, महिन्याला ठरावीक ऑर्डर यायला लागली की तुम्ही गिऱ्हाईक म्हणून तोंड वर करून बोलू शकता, डिलिव्हरी फुकट करा, ऑफरचा दर लावा, डाळीचा मोठा पॅक घाऊक भावाने द्या. इथे मॅनेजर खूप काही करू शकतो कारण हे त्याच्या अधिकारातलं आहे. परदेशातल्या लोकांचं एक बघा, परदेशी पैसा थेट ट्रस्टच्या खात्यात घ्यायला एफसीआरए, म्हणजे परदेशी देणग्यांच्या कायद्याखालची नोंदणी लागते, ती नसेल तर वाटेल त्या युक्त्या करू नका आणि त्यांनी परस्पर दुकानाला पैसे भरले तर चालेल का हेही आधी सीएला विचारा.

एक्स्पायरीच्या मालाचं. तुमचा प्रश्न बरोबर आहे, हा माल असतो आणि भरपूर असतो, पण तो दिसतो तेवढा सुटा नसतो. ब्रँडेड वस्तूंचा बराचसा शॉर्ट एक्स्पायरी माल दुकान कंपनीला किंवा डिस्ट्रिब्यूटरला परत करतं, त्याचं क्रेडिट घेतं, म्हणजे तो माल दुकानाचा राहतच नाही. म्हणून तो मागायचा तर डिस्ट्रिब्यूटरकडे आणि कंपनीकडे मागायचा. दुकानाच्या स्वतःच्या हातात उरतं ते भाजी-फळं, ब्रेड, आणि त्यांच्या स्वतःच्या ब्रँडचं पॅकिंग.

आणि कायद्याची वाट आहे, नाही असं नाही. एफएसएसएआयने, म्हणजे केंद्राच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाने, २०१९ साली उरलेल्या अन्नाच्या वाटपाचे नियम केले, १ जुलै २०२० पासून लागू आहेत. त्यात देणारं दुकान आणि वाटणारी संस्था दोघांवर जबाबदारी टाकली आहे. तुमच्याकडे फूड रजिस्ट्रेशन पाहिजे, मुदत संपलेला माल कुठल्याही परिस्थितीत चालत नाही, आलेल्या-वाटलेल्या मालाची नोंद ठेवायची. निवासी शाळेचं स्वयंपाकघर आहे म्हणजे फूड रजिस्ट्रेशन तसंही असायलाच हवं, नसेल तर हा अर्ज आधी करा, एफएसएसएआयच्या फोसकॉस पोर्टलवर होतो. अमेरिकेत १९९६ पासून बिल इमर्सन यांच्या नावाचा कायदा आहे, चांगल्या हेतूने दिलेल्या अन्नामुळे काही झालं तर, घोर निष्काळजीपणा सोडला तर, देणाऱ्यावर जबाबदारी येत नाही. फ्रान्सने २०१६ मध्ये तर ४०० चौरस मीटरच्या वरच्या सुपरमार्केटना संस्थांशी करार करणंच बंधनकारक केलं. आपल्याकडे देणाऱ्याला तसं सरळ कवच देणारा कायदा नाही, मुलांना जुलाब झाले तर पहिला फोन दुकानाला येणार, त्यामुळे मॅनेजर कचरलेला असेल तर त्याला दोष देऊ नका.

विशेष मुलांच्या बाबतीत माझं स्पष्ट मत आहे की दूध, पनीर, क्रीमचे पदार्थ, कापलेली फळं असला नाशवंत माल दानात घेऊच नये. बरीचशी मुलं पोट दुखतंय हे सांगू शकत नाहीत, काहींना फिट्सची औषधं चालू असतात. फुकट मिळतंय म्हणून घ्यायचं नाही. घ्यायचंच तर साबण, पावडर, फिनाईल, टिश्यू, डब्याला पोचा आलेला पण सील शाबूत असलेला न खाण्याचा माल घ्या, त्यात धोका नाही आणि दुकानाला पण अडगळ होते. भाजी घ्यायची तर रोज घ्यायची, संध्याकाळी ठरल्या वेळी, आणि त्याच रात्री निवडून दुसऱ्या दिवशी संपवायची.

आता मोठं दार, सीएसआर, म्हणजे कंपन्यांनी सामाजिक कामावर करायचा खर्च. कंपनी कायदा २०१३ चं कलम १३५. ज्या कंपनीचं नेटवर्थ ५०० कोटी, किंवा उलाढाल १,००० कोटी, किंवा निव्वळ नफा ५ कोटी किंवा त्याहून जास्त आहे तिने मागच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या २ टक्के रक्कम सामाजिक कामावर खर्च करायची. ऐकून सगळ्यांच्या डोळ्यांपुढे नोटा नाचतात, पण किराण्याच्या धंद्यात मार्जिन इतकं बारीक असतं की उलाढाल हजारो कोटींची आणि वर तोटा अशा चेन पण आहेत, विशेषतः दहा मिनिटांत घरपोच देणारे. तोट्याच्या २ टक्के शून्य. म्हणून आधी कंपनीचा वार्षिक अहवाल उघडा, त्यात सीएसआरचं परिशिष्ट असतं, किती खर्च करायचा होता आणि किती केला ते छापलेलं असतं, आणि बोर्डाने मंजूर केलेले सीएसआर प्रकल्प वेबसाइटवर टाकणं त्यांना बंधनकारक आहे. हे अर्ध्या तासाचं वाचन तुमचे सहा महिने वाचवतं. उदाहरणार्थ डीमार्टची मूळ कंपनी ॲव्हेन्यू सुपरमार्ट्स, त्यांचा भर महापालिकेच्या शाळांतल्या शिक्षणावर राहिलाय, रिलायन्सचं काम रिलायन्स फाउंडेशनमधून चालतं. तिथे "डाळ द्या" म्हणून गेलात तर फाईल पहिल्याच टेबलावर पडून राहील, पण विशेष मुलांसाठी थेरपी रूम, शिक्षक, व्हीलचेअर रॅम्प असं काही घेऊन गेलात तर निदान त्यांच्या खान्यात बसतं.

आणि इथे एक गंमत बघा. किराणा कंपनी आपल्याच गोदामातली डाळ देऊन सीएसआर दाखवू शकत नाही. कॉर्पोरेट मंत्रालयाने ऑगस्ट २०२१ च्या खुलाशात लिहूनच टाकलंय की सीएसआर म्हणजे खर्च करायचा, वस्तू देऊन तिची किंमत लावायची नाही. त्यामुळे "तुमच्याकडे माल आहेच, तो सीएसआरमध्ये द्या" असं ज्या पत्रात लिहिलेलं असतं त्या पत्रावरून त्यांना कळतं की यांना काही माहिती नाही. पैसे मागा, आणि त्या पैशातून किराणा कुठून घ्यायचा ते तुमचं तुम्ही बघा.

सीएसआरसाठी लागतं काय: कॉर्पोरेट मंत्रालयाच्या एमसीए पोर्टलवर सीएसआर-१ फॉर्म भरून मिळालेला नंबर, १ एप्रिल २०२१ पासून त्याशिवाय पैसे मिळत नाहीत. तो सीए, सीएस किंवा कॉस्ट अकाउंटंटच्या सहीने भरला जातो. त्यासाठी १२ए (ट्रस्टची स्वतःची आयकर नोंदणी) आणि ८०जी दोन्ही चालू पाहिजेत, मुदत संपलेली नाही ना बघा, आणि निदान तीन वर्षांचं काम दाखवता आलं पाहिजे. नीती आयोगाच्या दर्पण पोर्टलवरची नोंदणी, तीन वर्षांचे ऑडिट रिपोर्ट, धर्मादाय आयुक्तांकडचे परिशिष्ट एकचे बदल नोंदवलेले, म्हणजे कागदावरचे ट्रस्टी आणि प्रत्यक्षातले ट्रस्टी तेच आहेत हे दिसलं पाहिजे. या शेवटच्या गोष्टीवर गाडं फार वेळा अडतं, एखादे ट्रस्टी वारून पाच वर्षं झालेली असतात आणि कागदावर अजून अध्यक्ष तेच. वेळ डिसेंबर ते फेब्रुवारी, कारण पुढच्या वर्षाचा आराखडा त्यांचं बोर्ड साधारण वर्षाच्या सुरुवातीला मंजूर करतं. मार्चच्या शेवटच्या आठवड्यात खर्च न झालेला पैसा वाटतात हे खरंय, पण तो आधीपासून ओळखीत असलेल्या संस्थांना मिळतो.

८०जी बद्दल एक भ्रम काढून टाका. "आमच्याकडे ८०जी आहे, तुम्हाला सूट मिळेल" हे पत्रात ठळक लिहायची सगळ्यांना हौस. ती सूट पैशाच्या देणगीवर आहे, वस्तूवर नाही, रोखीत २,००० रुपयांच्या वर नाही, आणि ज्या कंपन्यांनी २२ टक्क्यांचा कमी दर घेतलाय त्यांना ती मुळात मिळतच नाही. तेव्हा वस्तूंची पावती देताना त्यावर माल आणि वजन लिहा, ८०जीचा शिक्का मारू नका. शिक्का मारलेल्या पावतीवर कुणी सूट मागितली की नोटीस त्याला येते आणि शिव्या तुम्हाला बसतात.

मोठ्या चेन सोडून गावातल्या दोन-चार शाखांच्या सुपरमार्केटला विसरू नका, मी तर म्हणेन तिथूनच सुरू करा. मालक काउंटरवर बसलेला असतो, हो म्हणाला की झालं. सहकारी बाजार असेल तर आणखी चांगलं. मुंबईत १९४८ साली नायगावात सुरू झालेलं अपना बाजार, कोल्हापूरकडचं वारणा बाजार, तालुक्या-तालुक्यातली ग्राहक भांडारं, यांना महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्यात निव्वळ नफ्यातला २० टक्क्यांपर्यंत भाग सार्वजनिक किंवा धर्मादाय कामाला बाजूला काढायची सोय आहे, मंजुरी घेऊन. हे त्यांच्या संचालकांनाच कधी कधी आठवत नाही. वार्षिक सभा साधारण सप्टेंबरपर्यंत होतात, त्याच्या दोन महिने आधी चेअरमनना अर्ज द्या, नफ्याची वाटणी सभेत ठरते, सभा झाल्यावर गेलात तर मग थेट पुढच्या वर्षीच.

शिफारसपत्राचं विचारलंत. चेनच्या दुकानात माझा अनुभव उलटा आहे. आमदारांचं पत्र बघितलं की मॅनेजरला वाटतं आता हे वर्गणीचं प्रकरण आहे, आज एक देऊ उद्या दहा येतील, आणि तो फाईल सरळ लीगलला पाठवतो. त्यापेक्षा समाजकल्याण विभागाच्या किंवा दिव्यांग कल्याणच्या मान्यतेची प्रत जोडा, ते कागद बोलतात. सहकारी भांडारात आणि मार्केट यार्डात मात्र ओळख चालते, तिथे स्थानिक माणूस बरोबर न्या, तिथली पद्धतच ती आहे.

फोटो. दुकानाला फोटो हवा असतो, मागणं गैर नाही, पण मुलांना रांगेत उभं करून हातात पाकीट देतानाचा फोटो देऊ नका. संस्थेतल्या काळजी-संरक्षणाची गरज असलेल्या मुलाची ओळख उघड करणं बाल न्याय कायद्याच्या कलम ७४ खाली गुन्हा आहे, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, आणि कायदा बाजूला ठेवला तरी आपल्या मुलाचा असा फोटो कुणी लावला असता तर आपल्याला चाललं असतं का. कोठीच्या खोलीत रचलेल्या मालाचा फोटो, बोर्डावर दुकानाचं नाव, शेजारी तुमच्या स्वयंपाकीण मावशी त्यांच्या परवानगीने, एवढं पुरतं. मॅनेजरला साहेबांना दाखवायला काहीतरी हवं असतं, तेवढं झालं की तो खूश. त्याच्याबरोबर एक आकडा द्या, "तुमच्या टेबलावरून ६२ किलो डाळ आली, आमचे २४ दिवस निघाले", असा. आता माणशी साठ-पासष्ट ग्रॅम धरून हा हिशेब मी केलाय, तुम्ही तुमचा करा.

शेवटचं, गाडी. होकार आला की माल त्यांनी पोचवावा अशी अपेक्षा ठेवू नका. टेबल संपलं की त्याच रात्री माल उचलून न्यायचा, दुकानाच्या गोदामात एक रात्रसुद्धा ठेवायचा नाही, कारण तिथे सकाळी कुणीतरी तो स्टॉकमध्ये मोजतो किंवा दुसऱ्या पाळीतला मॅनेजर हे काय म्हणून विचारतो. छोटा टेम्पो आधी ठरवून ठेवा, भाडं देणगीदाराकडून मागून घ्या, दोन उचलणारी माणसं, वजनकाटा आणि कार्बन घातलेलं पावतीपुस्तक बरोबर, यादीवर मॅनेजरची सही आणि एक प्रत त्याला. आणि ड्रायव्हरला सांगून ठेवा की माल उतरतो त्या मागच्या दाराला गाडी लावायची नाही, समोरच्या पार्किंगमध्येच.